चांगुणा एक जूनची नव्हती

चांगुणा गेल्याची बातमी मोबाइलवर आली. करंजाड्याच्या आमच्या फ्लॅटच्या बाल्कनीत मी मेथी निवडत बसले होते, तेवढ्यात नातीने फोन आणून समोर धरला. "आजी, तुझी चांगुणा मावशी..." म्हणाली. पडद्यावर काळ्या चौकटीत चांगुणाचा फोटो होता, ऑफिसच्या ओळखपत्रावरचा. त्या फोटोत ती चोरी करताना पकडल्यासारखी दिसते, म्हणून आम्ही दोघी कितीदा हसलो होतो. चारही बाजूंनी छापील झेंडूच्या माळा, खाली भावपूर्ण श्रद्धांजली आणि त्याखाली ठळक अक्षरांत 'जन्म : १ जून १९६६'. लोकांना अशा वेळी रडू येतं. मला राग आला. हातातली जुडी मी परातीत अशी आपटली की नात दचकली. ती तारीख खोटी आहे. मला पक्कं ठाऊक आहे, कारण ती मीच बनवलेली आहे.

या गोष्टीला आता चार आठवडे झाले. राग उतरला की लिहू म्हणून थांबले होते. उतरला नाही, तेव्हा तसाच घेऊन लिहायला बसले.

पंचाहत्तर सालच्या जूनमध्ये मी बावीस वर्षांची होते आणि जगातलं सगळं मला येत होतं. पहिलीच नेमणूक. पनवेलहून एसटीने फाट्यापर्यंत आणि तिथून पाऊण तास चालत, डोंगराच्या पायथ्याशी चौथीपर्यंतची शाळा. माझ्यापाशी दोन बऱ्या साड्या, एक छत्री आणि दिनविशेषाची एक जाडजूड वही होती. आजच्या दिवशी पूर्वी जगात काय काय घडलं, ते मी रोज फळ्याच्या उजव्या कोपऱ्यात रंगीत खडूने लिहायचे. पंचवीस सप्टेंबर म्हटलं की चिरनेरचा जंगल सत्याग्रह आणि गोळीबार. माणूस चंद्रावर उतरला ती तारीख वीस जुलै, पण आपल्याकडे तोवर एकवीस उजाडली होती, यावर मी मुख्याध्यापकांशी अर्धा तास वाद घालून जिंकले होते. मला पाहायला आलेल्या मुलालाही मी पोह्याची बशी हातात देताना त्याच्या जन्मतारखेला झालेली दोन युद्धं आणि एक तह सांगितला. त्याने घाबरून होकार दिला असावा, कारण पुढे पंचेचाळीस वर्षं त्याने माझ्याशी तारखांवरून वाद घातला नाही. एवढी मी हुशार. ही हुशारी नीट लक्षात ठेवा, म्हणजे पुढचं वाचताना तुम्हालाही माझा राग येईल.

पावसाळा तोंडावर आला की वीटभट्ट्या बंद होतात आणि दिवाळीनंतर भट्टीवर गेलेली कातकरी कुटुंबं वाडीवर परततात. शाळेचा पट वाढवायला तोच हंगाम. मुलं गोळा करून ओट्यावर रांगेत उभी करायची. जन्मतारीख विचारली की आया एकमेकींकडे बघायच्या. मग आमची शास्त्रीय पद्धत सुरू व्हायची. मुलाने उजवा हात डोक्यावरून नेऊन डावा कान धरायचा. कान हाताला लागला तर सहा वर्षं पूर्ण. तारखेच्या रकान्यात एक जून, कारण शाळा जूनमध्ये उघडते आणि वय मोजायला सोपं पडतं. सगळ्या महाराष्ट्रात एक जूनला जन्मलेली माणसं पायलीला पन्नास सापडतात, ती काही ग्रहताऱ्यांची करणी नव्हे. आमच्यासारख्या मास्तरांच्या आणि बाईंच्या आळसाची आहे.

चांगुणाला तिच्या आईने दंडाला धरून आणलं. काटकुळी पोर, पण हात लांबच लांब. डोक्यावरून नेलेला हात कान ओलांडून हनुवटीपर्यंत आला, तशी रांगेतली मुलं हसली. मी म्हटलं, "ही कसली सहाची? नऊची घोडी आहे चांगली."

आई म्हणाली, "नाय बाई, नऊची नाय. आमी भट्टीवर व्हतो. पहाटचं धरणी हालली, कच्च्या इटांची रास खाली आली, आन ही झाली. मालक इटांपाशी रडत व्हता. माज्याकडं कोन बगतंय."

मी पेन उघडून बसलेली. "धरणीबिरणी नको हो बाई. तारीख सांगा, तारीख."

 ती तेच पुन्हा म्हणाली, या वेळी एकेक शब्द सुटा करून, मला ऐकायला कमी येतं असं समजून. "धरणी हालली ना बाई... त्या पहाटंला." मी मान डोलावली आणि लिहिलं, १ जून १९६६. माझं अक्षर फार सुरेख होतं. अजूनही आहे. त्याचं काय करायचं ते मला कळत नाही.

कोयनेचा भूकंप अकरा डिसेंबर एकोणीसशे सदुसष्टला पहाटे झाला. हे मला वहीतून शिकावं लागलं नव्हतं. मी चौदा वर्षांची होते, पनवेलला आमच्या घरात फळीवरचा पितळी डबा माझ्या कपाळावर पडला होता. त्याचा व्रण मी टिकलीच्या वर अजून वागवते आहे. म्हणजे कपाळावर तारीख कोरलेली बाई, तिच्यासमोर दुसरी बाई ती तारीख शब्दांत सांगते आहे, आणि पहिली म्हणते तारीख सांगा. तिने अकरा डिसेंबर म्हटलं असतं तर मी लगेच लिहून घेतलं असतं. तिने भूकंप सांगितला. वीटभट्टीवरच्या बाईला भूकंप झालेला चालतो, त्याची तारीख माहीत असू शकत नाही, असं मला कुणी शिकवलं होतं कोण जाणे.

त्या वर्षी त्यांची भट्टी जवळच होती, म्हणून चांगुणा डिसेंबरातही शाळेत येत होती. अकरा तारखेला मी फळ्यावर हिरव्या खडूने लिहिलं आणि वाचून दाखवलं, आजच्या दिवशी पहाटे कोयनेला मोठा भूकंप झाला, आपल्या भागातही जमीन हलली. शेवटच्या रांगेतून लांब हात वर गेला. "बाई, ती मी." मी विचारलं, "ती मी म्हणजे?" ती म्हणाली, "आय सांगते ना, ती पहाट. तवा मी झाली." आता मला कळायला काहीच हरकत नव्हती, आणि कळलंही. पण वर्गासमोर कळणं मला परवडणारं नव्हतं. मी म्हटलं, "म्हणजे भूकंप तूच केलास होय गं?" वर्ग खदाखदा हसला. सगळ्यात मोठ्याने मी. त्या दिवसापासून तिचं नाव भूकंपी पडलं. शाळा सुटल्यावर मी रजिस्टर उघडलं खरं. पण इतकं स्वच्छ पान, आणि जानेवारीत विस्तार अधिकाऱ्यांची तपासणी. खाडाखोड दिसली की शेरा पडणार. पाच मिनिटांचं काम होतं, एक आडवी रेघ आणि बाजूला सही... मी रजिस्टर मिटलं आणि एसटी गाठली.

पोरगी मात्र चिवट. आश्रमशाळेत राहून दहावी झाली, पनवेलच्या एका सरकारी ऑफिसात शिपाई म्हणून लागली. तेव्हा आम्ही पनवेल गावात भाड्याने राहत होतो. नोकरीच्या पहिल्याच डिसेंबरात, अकरा तारखेला, दारावर थाप पडली. "बाई, भूकंप आलाय. दार उघडा." हातात पिशवीभर करांदे. हा रानातला कंद, उकडून मीठ लावून खायचा, जरा कडसर लागतो. आम्ही दोघींनी स्वयंपाकघरात बसून ते खाल्ले. तिने माझी नक्कल करून दाखवली, पेन उघडून, मान तिरकी करून, "तारीख सांगा, तारीख." इतकी हुबेहूब की माझ्या नवऱ्याने आतल्या खोलीतून विचारलं, "कुणावर ओरडतेयस?" पुढे दरवर्षी ती आली. एखादी विद्यार्थिनी मोठी होऊन मैत्रीण होते, तशी ती झाली. फरक एवढाच की तिने मला माफ करून ही मैत्री सुरू केली होती आणि मला वाटत होतं की मी तिला जवळ केलंय.

मग ब्याण्णव साल आलं. नोकरीत लागल्यापासून पाच वर्षांच्या आत जन्मतारखेच्या दुरुस्तीसाठी अर्ज करता येतो, असं तिला ऑफिसातल्या कुणी सांगितलं. ती कोर्टाबाहेरच्या टायपिस्टकडून दोन ओळी टाइप करून घेऊन आली. मुलीच्या आईने सांगितलेला दिवस न लिहिता मी अंदाजाने तारीख लिहिली, एवढाच मजकूर. खाली माझी सही हवी होती. मी एकोणचाळीस वर्षांची होते. बाविसाव्या वर्षीचा मूर्खपणा अंगावर उठून दिसतो, एकोणचाळिसाव्या वर्षीचा इस्त्री करून येतो. त्याच महिन्यात तालुक्यातून आदर्श शिक्षिका पुरस्कारासाठी माझं नाव जायचं होतं. मी कागद तिच्याकडे परत सरकवला आणि म्हणाले, "माझ्या रजिस्टरात चूक झाली असं मी लिहून देऊ? अगं, शाळेचं दप्तर आईच्या सांगण्यावर चालत नाही."

तिने घडी घातली. "बरं बाई." चहा संपवला, उठून मोरीत गेली आणि स्वतःचा कप विसळून पालथा घातला. दरवेळी विसळायची. मी दरवेळी बघायचे आणि तिला कधीही म्हटलं नाही की राहू दे. मला वाटलं, आता ही काही येत नाही. पण अकरा डिसेंबरला थाप पडली, करांदे आले, आणि त्या कागदाविषयी तिने पुढची तेहेतीस वर्षं अवाक्षर काढलं नाही. भांडली असती तर बरं झालं असतं. आणि हो, तो पुरस्कार मला मिळाला नाही. हे वाचून तुम्हाला बरं वाटलं असेल. मलाही हल्ली वाटतं.

तिने मग वेगळंच काम काढलं. बढती मिळून ती लिपिक झाली आणि दाखल्यांच्या खिडकीपाशी बसू लागली. वाड्यांवरची माणसं यायची, सगळी एक जूनची. नव्या बाळाचा दाखला काढायला आलेल्या बाईला ती माझ्यासारखी तारीख विचारायची नाही. "त्या दिवशी काय झालं होतं गं?" असं विचारायची. आणि मला फोन. "बाई, गणपती दूध प्यायला तो दिवस कोणता?" मी सांगायचे, एकवीस सप्टेंबर पंच्याण्णव. "बरं, लिहून घेते. एकीची पोर तेव्हाची आहे." मोठ्या पुराची सव्वीस जुलै तर तिला पाठच झाली होती. ग्रहणं, पूर, संप, सगळं मी माझ्या वहीतून काढून द्यायचे. ज्या वहीने मी फळे रंगवले, तिचा खरा उपयोग काय ते मला चाळिशीनंतर माझ्या विद्यार्थिनीने दाखवलं. ऑफिसातले तिला हसायचे. "वाघमारे मॅडम, तुम्ही दाखले देता की पंचांग सांगता?" ती म्हणायची, "तुमची आई शिकलेली होती साहेब. हिची नाही. म्हणून हिच्या पोराने शाळा उघडायचा दिवस आपला जन्मदिवस म्हणून का लावून घ्यायचा?"

मागच्या वर्षी मे महिन्याच्या एकतीस तारखेला... नाही, त्याच्या मागच्या, तारखांच्या बाईला आता तारखा अशा घसरतात... ती निवृत्त झाली. एक जूनला जन्मलेली सगळी सरकारी माणसं एकतीस मेला घरी जातात. त्या दिवशी त्यांच्या ऑफिसातले सहा जण एकदम निघाले. सहा खुर्च्या, सहा शाली, सहा नारळ आणि एकच भाषण. साहेब म्हणाले, "देवाने ही बॅचच एकदम पाठवली." सभागृह हसलं. मी पाहुणी म्हणून पहिल्या रांगेत, आणि सांगायला लाज वाटते, माझंही हसू अर्धं बाहेर आलं होतं. परतताना रिक्षात मांडीवर नारळ घेऊन ती म्हणाली, "बाई, आज कोण घरी चाललंय? मी, का ती एक जूनवाली? माझं तर अजून दीड वर्ष बाकी आहे." मी म्हटलं, "मला शिव्या दे ना एकदा." ती म्हणाली, "तुमाला नाय देत. आईला वाईट वाटायचं ओ. ती म्हनायची, मी दोनदा सांगितलं बाईला. नोकरीचं काय, ती आज ना उद्या सुटतेच. पन तिचं एवढं एक सांगणं कागदावर यायला पायजे होतं." एरवी माझ्याशी ती माझ्यासारखंच बोलायची. आईविषयी बोलताना मात्र भाषा आपोआप वाडीवर जायची.

त्या दीड वर्षाचा शेवट तिला पाहता आला नाही. पोटात दुखतंय म्हणून दवाखान्यात गेली, तिथून मोठ्या इस्पितळात, आणि तीन आठवड्यांत सगळं आटोपलं. मी भेटायला गेले तेव्हा नर्स कागद भरत होती. "वय एकोणसाठ." चांगुणाने पांघरुणातून बोटं वर केली. "सत्तावन्न." नर्स म्हणाली, "मावशी, आधारवर आहे तेच लिहावं लागतं." मी मध्ये पडले. "सिस्टर, आधारवर शाळेच्या दाखल्यावरून आलंय आणि दाखल्यावर मी चुकीचं लिहिलंय. सत्तावन्न लिहा." ती माझ्याकडे बघून फार गोड हसली. "आजी, तुम्ही बाहेर बसा बरं थोडा वेळ." पन्नास वर्षांपूर्वी मीसुद्धा असंच गोड हसत असणार. चांगुणा हळूच म्हणाली, "ऐका बाई, बसा भाईर," आणि डोळे मिटून हसली. आमचं शेवटचं बोलणं ते.

"जाऊ द्या हो, माणूसच गेलं, आता तारखेचं काय घेऊन बसलात?" हे मला गेल्या चार आठवड्यांत आमच्या सोसायटीत निदान सहा जणांनी ऐकवलं. सहाही जणांचे जन्मदाखले बरोबर आहेत. सहाही जणांच्या आयांचं म्हणणं कुणीतरी पहिल्याच वेळी लिहून घेतलेलं आहे. थोरांच्या जयंत्या तारखेने करायच्या की तिथीने, यावर आपण मिरवणुका काढून भांडतो. कुणी एका दिवसाने चुकलं तर आपली अस्मिता दुखावते. आणि वाड्यावाड्यांवरच्या जितीजागत्या माणसांना आपण एकच दिवस वाटून टाकतो, गणवेश वाटावेत तसा, मापात बसो न बसो. वर त्यांनाच म्हणतो, तारखेचं काय एवढं. मला राग सरकारचा येतो, नर्सचा येतो, सोसायटीचा येतो. पण हे सगळे त्या माझ्या सुरेख अक्षरावर विश्वास ठेवून वागले, हे मनात आलं की राग फिरून माझ्याच दारात येऊन बसतो.

चांगुणाची मुलगी वनिता वाडीवरच राहते. मी तिला फोन करून विचारलं, "ती तारीख कुणी छापली गं?" तिच्या आवाजात आरोप नव्हता. "मीच दिली, बाई. मंडळाच्या पोरांनी कागद मागितला. कागदावर तेच हाय ना. तुमीच लिवलेलं."

परवा मी तिच्याकडे गेले. पाऊण तास चालायची वाट आता रिक्षाने दहा मिनिटांची आहे. बरोबर कोरे कागद आणि पेन नेलं होतं. ब्याण्णव साली परत सरकवलेल्या त्या दोन ओळी तिच्या घरात बसूनच लिहायच्या, असं ठरवलं होतं. आता ते कुठलंही ऑफिस घेणार नाही, मला ठाऊक आहे. वनितानेही आधी तेच विचारलं, "हे आता कुणाला द्यायचं?" मी म्हटलं, "तुला. आणि पेपरातही देणार आहे." लिहायला लागले आणि दुसऱ्याच ओळीवर हात थांबला. 'मुलीच्या आईने' एवढं लिहिलं, पण त्या आईचं नाव मला माहीत नव्हतं. आमच्या वेळच्या रजिस्टरात बापाच्या नावाला रकाना होता, तिच्या नावाला नव्हता, आणि मी कधी विचारलं नव्हतं. इतके करांदे खाल्ले, पण विचारलं नाही.

"वनिता, तुझ्या आजीचं नाव काय गं?"

"ठकी. पन आईच्या जन्माचं लिवायला आजीचं नाव कशाला, बाई?"

"कारण जन्माच्या वेळी ती तिथे हजर होती. मी नव्हते."

वनिता माझ्या शेजारी येऊन बसली आणि मी लिहीत होते ते अक्षर अक्षर लावून वाचत राहिली. तोच मजकूर इथे देते.

लिहून देते की, चांगुणा वाघमारे हिचं नाव पंचाहत्तर सालच्या जूनमध्ये मी शाळेत दाखल केलं. तिची आई ठकी हिने मला मुलीच्या जन्माचा दिवस दोनदा, स्पष्ट सांगितला होता. मला तो समजत होता. मी तो लिहिला नाही, आणि पुढे दुरुस्तीची संधी आली तेव्हाही लिहून दिला नाही. चांगुणाचा जन्म ११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे, वीटभट्टीवर, भूकंप होत असताना झाला. ठकीचं म्हणणं खरं होतं.